पाटील, चेअरमन, वार्ताहर : निळू फुले यांची पडद्यावरची कारकीर्द

निळू फुले यांचे नाव घेतले की मराठी प्रेक्षकाच्या डोळ्यांपुढे पांढरे धोतर, जाकीट, गांधी टोपी आणि त्या टोपीखालून समोरच्याला जोखणारी नजर उभी राहते. या नटाने १९६८ ते २००९ या चार दशकांत शंभराहून अधिक मराठी चित्रपटांत कामे केली. त्यांतल्या बहुतेकांत नायक दुसराच होता. गाणी नायकाच्या वाट्याला गेली, शेवटची टाळीही त्यालाच मिळाली. लक्षात राहिला तो मात्र वाड्यावर बसलेला माणूस. पाटील, सावकार, सरपंच, साखर कारखान्याचा चेअरमन, आमदार अशी ही माणसे. ती एका ओळीत मांडली तर स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या तीस-चाळीस वर्षांत महाराष्ट्राच्या खेड्यातली सत्ता कोणाकडून कोणाकडे गेली आणि जाताना तिने कपडे कसे बदलले, याचा आलेखच हाती येतो. निळू फुले यांची कारकीर्द पाहायची ती या अंगाने. नुसता ‘मराठीतला मोठा खलनायक’ म्हणून त्यांची नोंद करणे म्हणजे अर्धेच काम आटोपणे आहे.

नायक नसलेल्या नटाच्या बळावर चित्रपट उभा राहणे ही मराठीत जुनी गोष्ट आहे. तिची सुरुवात नाशिकपर्यंत मागे नेता येते. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) तारामती झालेले अण्णा साळुंके मुंबईच्या एका उपाहारगृहात कामाला होते. फाळके यांनी बिऱ्हाड नाशकात हलवल्यानंतरच्या ‘लंकादहन’मध्ये (१९१७) साळुंके राम झाले आणि सीताही तेच झाले. पुढे त्यांनी कॅमेरा हाती घेतला. १९१८ साली नाशकात हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. तिथे नट म्हणजे पगारी माणूस, सांगितले ते सोंग आणणारा. या व्यवस्थेत नायकापेक्षा सोंग मोठे होते. बोलपटांच्या काळात बाबूराव पेंढारकर यांनी त्या परंपरेला वजन दिले. खलपुरुषालाही घर असते, स्वभाव असतो, स्वतःपुरते तत्त्वज्ञान असते, हे मराठी पडद्यावर त्यांनी ठसवले. बाबूराव १९६७ मध्ये गेले आणि पुढच्याच वर्षी निळू फुले यांचा पहिला चित्रपट आला. हा योगायोगच, पण खुर्ची फार दिवस रिकामी राहिली नाही हे खरे.

निळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म १९३० च्या सुमारास पुण्यात झाला. घरची परिस्थिती बेताची. तरुण वयात ते पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयाच्या आवारात माळीकाम करत. महिन्याला ऐंशी रुपये पगार आणि त्यातले दहा राष्ट्र सेवा दलाला, असा त्या काळचा हिशेब सांगितला जातो. स्वतःची रोपवाटिका काढायचा विचार होता. भांडवलाअभावी तो जागीच राहिला. नट होण्याचा विचार त्यांच्या मनात त्या वेळी होता असे दिसत नाही. त्यांना नाटकाकडे ओढले ते सेवा दलाच्या कलापथकाने. तिथे अभिनय ही कला म्हणून शिकवली जात नसे. सभा भरवण्याचे, लोकांना धरून ठेवण्याचे आणि मुद्दा गळी उतरवण्याचे ते साधन होते. १९५७ च्या निवडणुकीच्या प्रचारासाठी फुले यांनी ‘येरागबाळ्याचे काम नोहे’ हा वग लिहिला. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पुढारी पाहिजे’मध्ये त्यांनी रोंगे रंगवला. पुढे आयुष्यभर ज्या जातीच्या माणसाची सोंगे त्यांनी आणली, त्या पुढाऱ्याशी त्यांची पहिली गाठ अशी प्रचाराच्या स्टेजवर, विरोधी बाजूने पडली होती.

वगाची शाळा नीट समजून घेतल्याशिवाय पुढच्या चित्रपटांतल्या कामाचा उलगडा होत नाही. तमाशात गण, गवळण, बतावणी झाली की वग लागतो. वगात संहिता असते, पण ती नटाला बांधून घालत नाही. समोरचा प्रेक्षक कोण आहे, कालच्या बाजारात काय झाले, पुढच्या रांगेत कोण बसले आहे यावर वाक्ये बदलतात. हजरजबाबीपणा हे तिथले भांडवल. राजा, प्रधान आणि कोतवाल यांची टिंगल करण्याचा परवाना सोंगाड्याला असतो. ही टिंगल नेमकी बसायची तर राजाची चाल, त्याचा दम, त्याचा लटका प्रेमळपणा सोंगाड्याला पाठ असावा लागतो. शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने फुले यांना व्यावसायिक रंगभूमीवर नाव दिले आणि गावोगाव फिरवले. त्या प्रयोगांत जे मुरले तेच पुढे पडद्यावर उतरले, फक्त बाजू बदलली. वगात सत्तेची खिल्ली उडवणारा नट चित्रपटात त्या सत्तेच्याच गादीवर जाऊन बसला आणि तिथूनही ती उघडी पाडत राहिला.

अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) या चित्रपटाने फुले पडद्यावर आले. कथा पुन्हा शंकर पाटलांची, नायिका जयश्री गडकर. फुले यांच्या वाट्याला झेलेअण्णा आला. गावातल्या प्रत्येक भानगडीत या माणसाचे बोट, आणि प्रत्येक वेळी हात धुऊन मोकळा. त्याच्याकडे तलवार नाही, गुंड नाहीत. आहेत त्या गोष्टी आणि कानगोष्टी. मराठी ग्रामीण चित्रपटात तोवर दुष्ट माणूस म्हणजे मिशा पिळणारा, ओरडणारा, चाबूक हाती घेतलेला असा ठरलेला साचा होता. झेलेअण्णाने आवाज खाली आणला. गावकऱ्यांना हा माणूस ओळखीचा वाटला, कारण असा एक अण्णा प्रत्येक पारावर बसलेला होता.

याच वर्षांत खेड्याचेही रूप पालटत होते. तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यातल्या लोणीला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या सहकारी साखर कारखान्याचे धुराडे १९५० साली पेटले होते. १ मे १९६२ पासून महाराष्ट्रात त्रिस्तरीय पंचायत राज आले. साठच्या दशकात वतनदार पाटीलकी कायद्याने संपली. पाटलाचा वाडा तसाच राहिला, पण वाड्याच्या मालकाला आता निवडून यावे लागे, सोसायटीत माणसे ठेवावी लागत, गाळपाचा हंगाम आणि उसाचा भाव यांचे गणित सांभाळावे लागे. पुण्याहून निघून नाशिकच्या द्वारका चौकात मुंबई-आग्रा महामार्गाला मिळणारा रस्ता घेतला तर हे सगळे एका दिवसात ओळीने दिसते. वाटेत नारायणगाव लागते, जिथे जत्रांच्या हंगामाआधी तमाशाच्या फडांच्या राहुट्या पडतात आणि गावोगावचे पंच सुपाऱ्या द्यायला येतात. पुढे संगमनेर येते, तिथे सहकारी कारखाना. मग सिन्नरचा घाट उतरला की नाशिक. तमाशाचा फड आणि कारखान्याची वार्षिक सभा या दोन्ही ठिकाणी माणसे तीच. त्याच माणसांनी जत्रेतल्या तंबूत जमिनीवर बसून निळू फुले यांचे चित्रपट पाहिले. पडद्यावरचा चेअरमन कोणासारखा दिसतो हे त्यांना कोणी समजावून सांगावे लागले नाही.

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला फुले यांच्याकडे चित्रपटांची रीघ लागली. दादा कोंडके यांचा ‘सोंगाड्या’ (१९७१), व्ही. शांताराम यांचा ‘पिंजरा’ (१९७२) अशी मोठी नावे त्यांत आहेत. यांतल्या पुष्कळ चित्रपटांत काम एकसुरी होते हे मान्य करायला हवे. वाडा, बैठक, पानाचा डबा, शेजारी हांजी हांजी करणारा दिवाणजी आणि अब्रूवर घाला घातली जाणारी शेतकऱ्याची पोर, हा ठरलेला मसाला. निर्मात्यांना हमखास चालणारा माणूस हवा होता आणि तो मिळाला की ते भूमिकेकडे फारसे बघत नसत. नकलाकारांनी फुले यांचा ओढलेला स्वर आणि बाईला वाड्यावर बोलावण्याची लकब उचलली. ती आजही गणपतीच्या मंडपात आणि कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये ऐकू येते. या नकलेने नटाचे नाव जिवंत ठेवले आणि त्याच्या अभिनयावर अन्यायही केला.

नकलेत हरवते ते असे. फुले पडद्यावर आवाज जवळजवळ कधीच चढवत नाहीत. धमकी द्यायची वेळ आली की स्वर उलट उतरतो, वाक्य मध्येच थांबते आणि उरलेले समोरच्याने स्वतःच्या मनात पुरे करायचे असते. आधी डोळे फिरतात, मग मान वळते, शब्द सर्वांत शेवटी येतात. ओठांच्या एका कोपऱ्यातले हसू खुशीचे की कुत्सित, हे गावातल्या गरिबाला ठरवता येऊ नये अशी त्याची बेतणी असते. हा माणूस पुष्कळदा प्रेमळ बोलतो. ‘मास्तर’, ‘बाई’, ‘पाव्हणं’ या संबोधनांत कमालीची अदब असते आणि त्या अदबीचीच भीती वाटते. ज्याच्या हाती सगळे आहे त्याला ओरडायचे कारण नसते, ही साधी गोष्ट फुले यांनी ओळखली होती. राजकीय कार्यकर्ता म्हणून अशा माणसांच्या समोर बसल्याशिवाय हे निरीक्षण कमावता येत नाही.

१९७२ हे वर्ष निर्णायक ठरले, पण चित्रपटामुळे नव्हे. विजय तेंडुलकर यांचे ‘सखाराम बाइंडर’ कमलाकर सारंग यांनी त्या वर्षी रंगभूमीवर आणले आणि सखारामसाठी निळू फुले यांना घेतले. सोबत लक्ष्मीच्या भूमिकेत कुसुम कुलकर्णी आणि चंपाच्या भूमिकेत लालन सारंग. छापखान्यात बाइंडिंग करणारा, लग्नसंस्था झुगारलेला, नवऱ्याने टाकलेल्या बायकांना घरात आश्रय देऊन त्यांच्यावर हुकमत गाजवणारा हा सखाराम. तो शिव्या देतो, चिलीम ओढतो, मृदंग वाजवतो आणि स्वतःबद्दल काहीही लपवत नाही. नाटकावर वादळ उठले, परिनिरीक्षण मंडळाने अडवले, प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेले. या गदारोळात फुले यांच्या कामाची बारकाई थोडी झाकली गेली. सखाराम क्रूर आहे, पण ढोंगी नाही. नाटकाच्या उत्तरार्धात चंपा आणि लक्ष्मी यांच्या कात्रीत सापडून तो आतून खचत जातो. तमाशातून आलेला, ग्रामीण चित्रपटातला खलनायक म्हणून ओळखला जाणारा नट ही घसरण पेलू शकतो, हे पुण्या-मुंबईच्या पांढरपेशा प्रेक्षकाला तेव्हा पहिल्यांदा दिसले. पुढे तेंडुलकरांचे ‘बेबी’, जयवंत दळवी यांचे ‘सूर्यास्त’ अशा नाटकांतही ते उभे राहिले. ‘सूर्यास्त’मधला अप्पाजी गांधीवादी आहे, म्हणजे चित्रपटातल्या फुल्यांच्या अगदी उलट टोकाचा माणूस.

तेंडुलकरांचीच पटकथा असलेल्या ‘सामना’ने हे दोन प्रवाह एकत्र आणले. निर्माते कवी रामदास फुटाणे, दिग्दर्शक जब्बार पटेल, आणि दोघांच्याही दृष्टीने हा पहिलाच मोठा डाव. चित्रपट १९७५ च्या बर्लिन महोत्सवात गेला. त्यात निळू फुले हिंदूराव धोंडे पाटील आहेत. सहकाराचा पसारा उभा केलेला, कारखाना चालवणारा, गावाला काम देणारा, स्वतःला गावाचा बाप समजणारा माणूस. त्याच्यासमोर डॉ. श्रीराम लागू यांचा दारूत बुडालेला, एकेकाळचा ध्येयवादी मास्तर. हिंदूराव मास्तरला घरी ठेवून घेतो, खाऊपिऊ घालतो, आपले वैभव दाखवतो. मास्तर एका बेपत्ता माणसाची, मारुती कांबळेची, चौकशी करू लागतो आणि ती काही केल्या सोडत नाही.

एरवीच्या चित्रपटातला पाटील असता तर मास्तर दुसऱ्याच रिळात विहिरीत सापडला असता. हिंदूराव तसे करत नाही, आणि भूमिकेची सगळी खोली त्या ‘न करण्यात’ आहे. त्याला मास्तरची मान्यता हवी आहे. आपण केलेला विकास खरा आहे, त्यासाठी एखादा कांबळे गेला तर त्यात काय बिघडले, हे त्याला एका शिकलेल्या माणसाच्या तोंडून ऐकायचे आहे. फुले हे लाचारी न दाखवता दाखवतात. यजमानाच्या आग्रहात हळूहळू अजीजी मिसळत जाते, हसण्यातली सहजता एक एक प्रसंगाने कमी होते, आणि घरच्या मालकाला घरातच पाहुण्याची नजर चुकवावी लागते. लागू यांचा अभिनय शब्दांवर, तर्कावर, शहरी रंगभूमीच्या शिस्तीवर उभा. फुल्यांचा थांबण्यावर आणि कानोसा घेण्यावर. दोन वेगळ्या शाळांची ही जुगलबंदी आहे. मराठी पडद्यावर तिच्या तोडीची दुसरी दाखवणे अवघड आहे. सहकारातला चेअरमन हा नवा सत्ताधीश साहित्यात येऊ लागला होता. पण त्याला चेहरा मिळाला तो हिंदूरावाचा.

चार वर्षांनी जब्बार पटेल यांनीच त्यांना उलट्या बाजूला बसवले. ‘सिंहासन’ (१९७९) हा चित्रपट अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्यांवर आधारलेला, पटकथा तेंडुलकरांची. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, त्यांना खाली खेचू पाहणारे अर्थमंत्री डॉ. लागू, कामगार पुढारी सतीश दुभाषी. निळू फुले मात्र मंत्री नाहीत, आमदारही नाहीत. ते आहेत दिगू टिपणीस, वार्ताहर. खांद्याला झोळी अडकवून तो या केबिनमधून त्या केबिनमध्ये फिरतो. प्रत्येक जण त्याच्यापाशी मन मोकळे करतो, कारण प्रत्येकाला त्याचा उपयोग करून घ्यायचा असतो. दिगू ऐकतो. सगळ्या चित्रपटात त्याच्या वाट्याला आलेले मुख्य काम हेच. ऐकणारा माणूस पडद्यावर धरून ठेवणे बोलणाऱ्यापेक्षा अवघड. इथे वगातला तो जुना, समोरच्याला तोलणारा डोळा कामी आला. त्याला सगळे कळते आणि कळण्याने काही बदलत नाही. अखेरीस सगळा खेळ जिथल्या तिथे येऊन थांबतो तेव्हा दिगू वेड्यासारखा हसत सुटतो. ज्या नटाने दहा वर्षे पुढारी रंगवले त्याच्याच चेहऱ्यावर त्या राजकारणाचा साक्षीदार असह्य होऊन फुटलेला पाहणे, यात दिग्दर्शकाची निवड किती अचूक होती ते दिसते.

हिंदी चित्रपटांनी त्यांना बोलावले, पण फार लांब नेले नाही. ‘कुली’ (१९८३), ‘वो सात दिन’ (१९८३), ‘मशाल’ (१९८४) अशी नावे यादीत आहेत. यांत नोंद घ्यावी अशी एकच भूमिका, महेश भट यांच्या ‘सारांश’मधला (१९८४) गजानन चित्रे. अनुपम खेर यांच्या निवृत्त मास्तरासमोर उभा राहणारा हा मुंबईतला पुढारी. आपल्या मुलाच्या प्रकरणाचा बोभाटा होऊ नये म्हणून एका म्हाताऱ्या जोडप्याचे घर तो मुश्कील करतो. भूमिका लहान आहे, पण तिच्यामुळे खेड्यातला चेअरमन शहरात येऊन कसा बसला याचा पुढचा दुवा जुळतो. धोतर गेले, सफेद कपडे आले, बोलण्यातली अदब तीच राहिली.

ऐंशीच्या दशकात मराठी चित्रपट शहरी विनोदाकडे वळला. अशोक सराफ, लक्ष्मीकांत बेर्डे, सचिन, महेश कोठारे यांची चलती झाली आणि वाड्यावरचा पाटील मागे पडला. फुले कामे करत राहिले. त्यांतली बरीचशी विसरण्याजोगी आहेत. १९९१ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९९२ मध्ये जब्बार पटेल यांच्या ‘एक होता विदूषक’मध्ये ते दिसले. पु. लं.ची पटकथा आणि तमाशातल्या सोंगाड्याचे आयुष्य, म्हणजे ज्या मातीतून ते आले तीच पुन्हा.

पडद्याबाहेरचा माणूस पडद्यावरच्या माणसाच्या नेमका विरुद्ध होता, ही गोष्ट इतक्यांदा सांगितली गेली आहे की ती दंतकथा वाटावी. गावोगावच्या बायका त्यांना पाहून बोटे मोडत, हे खरे. तसेच, सेवा दलापासून समाजवादी चळवळीशी असलेले नाते त्यांनी नट म्हणून नाव झाल्यावरही तोडले नाही. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या व्यासपीठावर ते जात. पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन देणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागू आणि इतर कलावंतांसोबत त्यांनी आचार्य अत्रे यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग केले. ही माहिती केवळ गुणगौरव म्हणून पुरेशी नाही. ज्या व्यवस्थेशी हा माणूस रस्त्यावर भांडत होता तिचेच सोंग तो पडद्यावर आणत होता. म्हणून त्याच्या सोंगात द्वेष कमी आणि समज जास्त आहे. झेलेअण्णा, हिंदूराव किंवा चित्रे यांच्यापैकी एकालाही तो राक्षस करत नाही.

अखेरच्या काळात ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’ (२००९) या शेतकऱ्यांच्या प्रश्नावरच्या चित्रपटात त्यांनी काम केले. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात अन्ननलिकेच्या कर्करोगाने त्यांचे निधन झाले.

शंभरावर चित्रपटांच्या या पसाऱ्यात नव्याने शिरणाऱ्या वाचकाने नकलांमधले निळू फुले थोडे बाजूला ठेवावेत. आधी ‘एक गाव बारा भानगडी’ पाहावा, मग ‘सामना’, मग ‘सिंहासन’, याच क्रमाने. ‘सारांश’मधले चित्रेचे प्रसंग त्यानंतर पाहावेत. हे चार चित्रपट पाहिले की बाकीच्या यादीतले काय घ्यायचे आणि काय सोडायचे, हे ज्याचे त्याला ठरवता येईल.